पडद्यावरचा पहिला ठिपका

आजच्या कार्यक्रमात बचतीचा हिशेब नाही, कर्जाचा हप्ता नाही आणि शेळीपालनही नाही. आज आपण कॉम्प्युटरच्या पडद्याबद्दल बोलणार आहोत. पडद्यावर चित्र येतं कसं आणि ते आपल्या हाताने तिथे कसं काढायचं, हा आजचा विषय.

या कामाला 'लो लेव्हल ग्राफिक्स प्रोग्रॅमिंग' म्हणतात. 'लो' म्हटलं म्हणून ते हलकं काम समजू नका. लो म्हणजे खालचं, पायाजवळचं. तयार मसाल्याची पुडी टाकली तरी भाजी होतेच. पण धणे, मिरच्या, खोबरं स्वतः भाजून कुटणारीला मसाल्यात काय पडलंय ते ठाऊक असतं. चव बिघडली तर कशामुळे बिघडली, हेही तीच सांगू शकते. कॉम्प्युटरवर आपण बहुतेकजणी तयार पुडीच वापरतो. त्यात वाईट काही नाही. पण मसाला कुटता येणाऱ्या दोन-चारजणी तरी गावात असाव्यात, एवढंच माझं म्हणणं आहे.

आमच्या गटाच्या केंद्रात दोन जुने कॉम्प्युटर आहेत. गेल्या पावसाळ्यापासून तीन मुली तिथे हे शिकताहेत. मी स्वतः बी.ए. झालेली, गणिताशी माझा संबंध दहावीला संपला. त्या मुलींच्या शेजारी बसून मला जे समजलं ते तुम्हाला सांगते. त्यातलं निम्मं तुम्हाला आधीच येतं, फक्त नाव वेगळं आहे.

तुमच्यातल्या पुष्कळजणींनी शाळेत दसुतीवर भरतकाम केलं असेल. दसुतीला चौकटी असतात आणि समोर आलेखाचा कागद असतो. तिसऱ्या ओळीत पाचव्या घरात लाल फुली, सहाव्यात लाल, सातव्यात हिरवी. जवळून बघितलं तर नुसत्या फुल्या, कापड लांब धरलं की मोर. कॉम्प्युटरचा पडदा ही अशीच दसुती आहे. तिच्यातल्या एका घराला पिक्सेल म्हणतात, आपण त्याला ठिपका म्हणू. आमच्या एका जुन्या पडद्यावर आडवे १०२४ आणि उभे ७६८ ठिपके आहेत. गुणाकार करा, ७ लाख ८६ हजार ४३२ होतात. नव्या पडद्यांवर १९२० गुणिले १०८० असतात, म्हणजे २० लाखांच्या वर.

प्रत्येक ठिपक्यात तीन रंगांचा उजेड असतो, लाल, हिरवा आणि निळा. प्रत्येकाचं माप ० ते २५५. तिन्ही शून्य केले की काळा, तिन्ही २५५ केले की पांढरा. इथे एक गंमत आहे. रांगोळीत लाल आणि हिरवा रंग मिसळला तर मातकट काहीतरी होतं. पडद्यावर लाल आणि हिरवा उजेड पूर्ण दिला की हळदीसारखा पिवळा दिसतो. कारण तिथे भुकटी मिसळत नाही, उजेड मिसळतो.

हे काम बायकांचं नाही असं कुणी म्हणालं तर सुझन केर यांचं नाव सांगा. ॲपल कंपनीचा मॅकिंटॉश कॉम्प्युटर १९८४ साली आला. त्याच्या पडद्यावरची छोटी छोटी चित्रं या बाईंनी काढली. त्या शिक्षणाने कलेच्या. कॉम्प्युटरवर चित्र काढण्याचा अनुभव त्यांना नव्हता. त्यांनी चौकटींची वही घेतली आणि ३२ गुणिले ३२ घरांत एकेक घर भरत चित्रं बसवली. तुकडे जोडून केलेली मोझॅक नक्षी, मोजून घातलेले टाके आणि पडद्यावरचे ठिपके हे एकाच जातीचं काम आहे, हे त्यांनी ओळखलं होतं.

आता प्रश्न असा की हे शिकायला साधन कोणतं? आमच्या मुली लिनक्सवर शिकतात. कॉम्प्युटर चालवणारी जी मूळ व्यवस्था असते, तिला ऑपरेटिंग सिस्टिम म्हणतात. लिनक्स हा अशा व्यवस्थेचा गाभा. १९९१ साली फिनलंडमधल्या हेलसिंकी विद्यापीठात शिकणाऱ्या लिनस टॉरवाल्ड्स या विद्यार्थ्याने तो लिहायला घेतला आणि जगासाठी खुला केला. पुढे हजारो लोकांनी त्यात भर घातली. त्याच्या आधीपासून, १९८३ पासून, रिचर्ड स्टॉलमन यांनी ग्नू नावाचा प्रकल्प सुरू केला होता. प्रोग्रॅम कसा लिहिलाय हे वापरणाऱ्याला बघता आलं पाहिजे, बदलता आलं पाहिजे आणि शेजाऱ्याला देता आलं पाहिजे, हा त्यांचा आग्रह. दोन्ही एकत्र आले आणि आपल्याला पूर्ण व्यवस्था मिळाली. आमच्याकडे त्यातली डेबियन नावाची आहे. तिला पैसे पडत नाहीत. पण फुकट आहे म्हणून ती घेतली असं नाही. आतलं सगळं उघडं आहे म्हणून घेतली. पाककृती झाकून ठेवलेल्या घरात स्वयंपाक शिकता येत नाही.

पहिली पायरी इतकी सोपी आहे की त्याला प्रोग्रॅमसुद्धा लागत नाही. पीपीएम नावाचा चित्राचा एक प्रकार आहे. त्यात चित्र म्हणजे नुसते आकडे असतात आणि ते हाताने टाईप करता येतात. साधा मजकूर लिहायचा एडिटर उघडायचा. पहिल्या ओळीत इंग्रजी मोठा पी आणि त्याला चिकटून ३ चा आकडा. दुसऱ्या ओळीत रुंदी आणि उंची, समजा ११ आणि ११. तिसऱ्या ओळीत २५५, म्हणजे उजेडाचं कमाल माप. त्याच्या खाली एकेका ठिपक्याचे तीन-तीन आकडे. लाल ठिपका हवा तर २५५, ०, ०. मध्ये फक्त मोकळी जागा सोडायची, स्वल्पविराम द्यायचा नाही. आकडे मात्र इंग्रजी टाईप करायचे, मराठी आकडे त्याला कळत नाहीत. अशा १२१ ठिपक्यांचे ३६३ आकडे लिहिले, फाईलच्या नावाच्या शेवटी टिंब देऊन पीपीएम लिहिलं आणि चित्र बघायच्या प्रोग्रॅममध्ये फाईल उघडली, की आपली ११ बाय ११ ची रांगोळी पडद्यावर. ती बोराएवढी दिसेल, म्हणून मोठी करून बघायची.

पहिल्या दिवशी मुलींना हेच करायला सांगितलं. एकीने स्वस्तिक काढलं, एकीने कैरी, तिसरीने स्वतःच्या नावाचं पहिलं अक्षर. तास-दीड तास आकडे टाईप करून बोटं दुखली, आणि मग त्यांनीच विचारलं, 'ताई, हे आकडे लिहायचं काम मशीनकडून करून घेता येणार नाही का?' प्रोग्रॅम कशाला हवा, हे कुणी समजावून सांगावं लागलं नाही. तिथून सी ही भाषा सुरू झाली. सी जुनी भाषा आहे, लिनक्सचा बहुतेक सगळा गाभा तिच्यातच लिहिलेला आहे. ती मशीनच्या भाषेत उतरवणारा जीसीसी नावाचा कंपायलर डेबियनसोबत फुकट मिळतो. सुरुवात दोन फेऱ्यांची. बाहेरची फेरी ओळींची, आतली घरांची. गटाच्या रजिस्टरमध्ये आपण प्रत्येक महिन्याच्या पानावर एकेका सभासदाचं नाव घेत जातो, तसंच.

दुसरी पायरी म्हणजे फाईल सोडून थेट पडद्यावर लिहायचं. लिनक्समध्ये एक जुनी पद्धत आहे. कॉम्प्युटरला जोडलेली यंत्रंसुद्धा फाईलसारखी दाखवायची. 'डेव्ह' नावाच्या फोल्डरमध्ये 'एफबी शून्य' नावाची फाईल असते. एफबी म्हणजे फ्रेमबफर. पडद्याचं पूर्ण चित्र जिथे आकड्यांच्या रूपात ठेवलेलं असतं ती जागा. पडदा ती जागा सेकंदाला साधारण ६० वेळा वाचतो आणि तिथे जे आकडे असतील ते उजेडात दाखवतो. आपण तिथला आकडा बदलला की पडद्यावरचा ठिपका बदलतो. मध्ये कुणी नाही.

मग प्रश्न येतो पत्त्याचा. पडदा चौकोनी, पण ही जागा एका लांब ओळीसारखी असते. एका ठिपक्याला चार घरं, त्यांना बाइट म्हणतात. बहुतेक यंत्रांत आधी निळा, मग हिरवा, मग लाल, आणि चौथं घर रिकामं. मोजणी शून्यापासून. आपण इमारतीत तळमजल्याला पहिला मजला म्हणत नाही, तसं. पडदा १०२४ ठिपक्यांचा असेल तर एका ओळीची घरं १०२४ गुणिले ४, म्हणजे ४०९६. मला १०० क्रमांकाच्या ओळीतला ५० क्रमांकाचा ठिपका रंगवायचा आहे. आधी १०० ओळी ओलांडायच्या, १०० गुणिले ४०९६, झाले ४ लाख ९ हजार ६००. मग ५० ठिपके पुढे, ५० गुणिले ४, झाले २००. एकूण ४ लाख ९ हजार ८००. हा त्या ठिपक्याचा पत्ता. तिथे जाऊन चार आकडे लिहिले की संपलं. पोस्टमनला आधी गल्ली आणि मग घर क्रमांक लागतो, त्यापेक्षा यात जास्त काही नाही.

ही पायरी करताना तीन गोष्टी सांभाळायच्या. एक, नेहमीचा खिडक्यांचा पडदा चालू असताना हे नीट दिसत नाही. म्हणून कंट्रोल, ऑल्ट आणि एफ ३ ही बटणं एकत्र दाबून काळ्या पडद्यावर, म्हणजे कन्सोलवर जायचं. परत यायला कंट्रोल, ऑल्ट आणि एफ १, एफ २ किंवा एफ ७, जसं ज्या यंत्रावर असेल तसं. दोन, या फाईलमध्ये लिहायची परवानगी सगळ्यांना नसते. त्यासाठी आपलं नाव 'व्हिडिओ' नावाच्या गटात घालून घ्यायचं. हो, तिथेही गट असतो आणि सभासद असल्याशिवाय व्यवहार करता येत नाही! तीन, आणि ही सगळ्यांत महत्त्वाची. सर्वाधिकार असलेल्या रूट खात्यातून हा सराव करायचा नाही. त्या 'डेव्ह' फोल्डरमध्येच डिस्कच्या नावाचीही फाईल असते. रूटने पडद्याऐवजी चुकून तिच्यावर लिहिलं तर डिस्कवरची माहिती जाते. म्हणून गटाचे हिशेब ज्या कॉम्प्युटरवर आहेत, त्याच्यावर हे शिकायचं नाही, असा आम्ही ठराव केला आहे.

तिसरी पायरी, रेघ. आडवी रेघ सोपी, उभी रेघ सोपी. तिरपी रेघ आली की दसुतीवर जी अडचण येते तीच येते. रेघ घरांच्या मधून जाते आणि फुली तर घरातच घालायची. कोणत्या घरात घालावी? आयबीएममध्ये काम करणाऱ्या जॅक ब्रेझेनहॅम यांनी १९६२ मध्ये यावर युक्ती काढली, ती १९६५ मध्ये छापून आली. प्रत्येक पावलाला पुढच्या घरात जायचंच आहे, प्रश्न एवढाच की एक ओळ खाली उतरायचं की नाही. खरी रेघ आणि आपली फुली यांच्यातला फरक उधारीसारखा मांडत जायचा. उधारी अर्ध्या घराच्या वर गेली की एक ओळ उतरायचं आणि उधारीतून एक घर वजा करायचं. सगळं दुपटीच्या मापात मांडलं की अपूर्णांक उरतच नाहीत. दर पावलाला भागाकार नाही, फक्त बेरीज, वजाबाकी आणि तुलना. पासबुकाची नोंद ठेवणाऱ्या बाईला ही युक्ती एका बैठकीत समजते. आमच्याकडच्या एका वहिनींना ती आधी समजली आणि त्यांनी ती मुलींना समजावली.

आता एक अडचण सांगते, कारण खरं शिकणं तिथे झालं. केंद्रातल्या दुसऱ्या कॉम्प्युटरचा पडदा १३६६ ठिपके रुंद आहे. एका मुलीचा प्रोग्रॅम पहिल्या कॉम्प्युटरवर उत्तम चालत होता. दुसऱ्यावर रुंदीचा आकडा बदलून तोच चालवला, तर उभ्या रेघेच्या जागी तिरपे विखुरलेले ठिपके. तिला वाटलं पडदाच बिघडला. दोन संध्याकाळी ती त्याच्याशी झटत होती. मग तिने कागदावर ठिपके मोजले. प्रत्येक ओळीला रेघ बरोबर १० ठिपके डावीकडे सरकत होती. १० ठिपके म्हणजे ४० घरं. ही ४० घरं आली कुठून?

१३६६ गुणिले ४ म्हणजे ५४६४. पण त्या यंत्राने एका ओळीसाठी ५५०४ घरं राखून ठेवली होती. यंत्रांना ६४ च्या पटीत ओळ मांडणं सोयीचं जातं आणि ६४ गुणिले ८६ म्हणजे ५५०४. शेवटची ४० घरं नुसती मोकळी सोडलेली. आपण नाही का रजिस्टरच्या पानाला समास सोडत? म्हणून नियम असा की ओळीची लांबी आपण गृहीत धरायची नाही, यंत्रालाच विचारायची. ती विचारायची सोय लिनक्समध्ये आहेच. त्या मुलीने प्रोग्रॅममध्ये दोन ओळी बदलल्या आणि रेघ सरळ झाली. तिने ते कुणाला विचारलं नाही, मोजून शोधलं. अशा वेळी मोबाईलवर रेडीमेड उत्तर मिळालं असतं, तर तिच्याजवळ उत्तर असतं पण मोजायची सवय नसती.

चौथ्या पायरीवर आपली मराठी येते. कन्सोलवरच्या अक्षराला बहुधा ८ घरं रुंदी आणि १६ घरं उंची असते. एका ओळीची आठ घरं म्हणजे एक आकडा. डावीकडून घरांची किंमत १२८, ६४, ३२, १६, ८, ४, २ आणि १. जी घरं भरली त्यांची बेरीज करायची. आठही भरली तर २५५. म्हणजे आपली शिरोरेषा २५५ आहे! उजव्या कडेचा काना म्हणजे खालच्या प्रत्येक ओळीत १. मुलींनी अशी चौकटींच्या कागदावर ग, म, त, न ही अक्षरं पाडली आणि पडद्यावर आणली.

मग कुणीतरी म्हणालं, 'स्त्री' लिही. आणि तिथे सगळं थांबलं. कॉम्प्युटरच्या पोटात 'स्त्री' हे एक अक्षर नसतं. स, हलन्त, त, हलन्त, र आणि दीर्घ वेलांटी अशा सहा खुणा एकापुढे एक ठेवलेल्या असतात. त्यांचं एक जोडाक्षर करायचं काम चित्र काढणाऱ्याचं. 'दिवा' लिहिताना पोटात आधी द आणि मग ऱ्हस्व वेलांटी, पण पडद्यावर वेलांटी आधी काढावी लागते. 'दुसऱ्या'मधला तो आडवा र तर आपल्या मराठीचा खास. लिनक्सच्या साध्या कन्सोलला हे जमत नाही. त्याला एका खुणेला एक चित्र एवढंच कळतं आणि तीही जास्तीत जास्त ५१२ चित्रं. म्हणून तिथे मराठी नीट उमटत नाही. खिडक्यांच्या पडद्यावर मात्र दिसते, कारण तिथे हार्फबझ नावाचा खुला प्रोग्रॅम कोणत्या खुणांचं कोणतं जोडाक्षर होणार ते ठरवतो आणि फ्रीटाईप नावाचा दुसरा प्रोग्रॅम त्या अक्षराचे ठिपके पाडतो. लोहितसारखे देवनागरीचे खुले फॉन्टही आहेत.

मैत्रिणींनो, मला या विषयाचं महत्त्व इथे कळलं. कुठल्याशा यंत्राच्या पडद्यावर 'दुसऱ्या' तुटून दिसला, तर ज्याला मराठी वाचता येत नाही त्याला तो तुटलेला दिसणारच नाही. त्याच्यासाठी ती नुसती वेडीवाकडी रेघ. दोष दिसायला आपली भाषा लागते आणि दुरुस्त करायला ठिपक्यांपर्यंत उतरता यावं लागतं. या दोन्ही गोष्टी एकाच माणसाकडे असणं फार मोलाचं आहे. आपल्या पासबुकावर, दवाखान्याच्या कागदावर, रेशनच्या यंत्रावर आपलं नाव बरोबर उमटावं, ही काही हौसेची गोष्ट नाही.

आता खरा प्रश्न. मागच्या मासिक बैठकीत त्या तिघींपैकी एकीच्या आईने सगळ्यांसमोर विचारला. 'ताई, पोरगी बी.एस्सी. झाली. तिचे वडील म्हणतात, औंदा लग्न उरकू. ती म्हणते, वर्षभर थांबा, मला हे शिकायचंय. हे शिकून तिला नोकरी लागते का? खरं काय ते सांगा.'

मी त्यांना जे सांगितलं तेच तुम्हाला सांगते. एवढं शिकून लगेच नोकरी लागते, असं कुणी म्हणत असेल तर ते खरं नाही. ठिपका आणि रेघ ही मुळाक्षरं झाली. खऱ्या कामात आज डीआरएम नावाची नवी व्यवस्था चालते. तिच्यात एक चित्र पडद्यावर दिसत असताना दुसरं मागे तयार करतात आणि पूर्ण झालं की अदलाबदल करतात, म्हणजे अर्धवट चित्र डोळ्यांना दिसत नाही. ती शिकायला आणखी कितीतरी महिने लागतील. इंग्रजी वाचावं लागेल, कारण माहिती बहुतेक इंग्रजीतच आहे.

पण दुसरी बाजूही खरी आहे. गाडीतला पडदा, दवाखान्यातली यंत्रं, दुकानातलं बिलाचं यंत्र, अशा अनेक ठिकाणी आत लिनक्स असतं आणि पडद्याचं काम जाणणारी माणसं त्यांना लागतात. खुल्या प्रकल्पात काम करायला आधी ओळख लागत नाही. केलेली दुरुस्ती ईमेलने पाठवायची, जाणकार ती तपासतात, चुका दाखवतात, बरोबर असेल तर घेतात. आणि ती आपल्या नावानिशी तिथे कायमची राहते. कुठल्या गावची, कुठल्या कॉलेजची हे कुणी विचारत नाही. आऊटरीची नावाचा एक उपक्रम आहे. त्याचं मूळ २००६ सालच्या, बायकांना खुल्या सॉफ्टवेअरमध्ये आणण्याच्या एका कार्यक्रमात आहे. त्यात निवड झाली की तीन महिने घरी बसून अशा प्रकल्पात काम करता येतं, जाणकार मार्गदर्शक मिळतो आणि मानधनही मिळतं. खरा पडदा नसतानाही लिनक्समधल्या पडद्याच्या व्यवस्थेची तपासणी करता यावी म्हणून व्हीकेएमएस नावाचा एक भाग आहे. २०१८ मध्ये तो उभा करणाऱ्यांत आऊटरीचीतून आलेली एक तरुणी होती. तेव्हा दार आहे. आत शिरायला मेहनत आहे आणि निवड होईलच असं वचन मी देऊ शकत नाही.

खर्चाचंही बोलले. फी नाही, सॉफ्टवेअरला पैसे नाहीत. खर्च आहे तो केंद्राच्या विजेचा आणि तिच्या वेळेचा. वीजबिलाला गटाने मान्यता दिली. वेळेचा निर्णय घराचा. मी एवढंच सुचवलं की वर्षभराची मुदत देताना काय बघायचं ते आधी ठरवा. सहा महिन्यांत तिने कुणाच्या मदतीशिवाय एक पूर्ण प्रोग्रॅम लिहून दाखवावा आणि वर्षाच्या आत एका तरी खुल्या प्रकल्पात दुरुस्ती पाठवावी. ती घेतली जावो न जावो, पाठवली की नाही हे बघायचं. आई काही बोलल्या नाहीत. आठवड्याने निरोप आला की पुढच्या वैशाखापर्यंत स्थळं बघायची नाहीत, असं घरात ठरलंय. वडील अजून नाराज आहेत. ते रोज संध्याकाळी मुलीला केंद्रातून न्यायला येतात, आणि बाहेरच थांबतात.

कुणाच्या घरात अशी मुलगी असेल, किंवा तुम्हालाच हौस असेल, तर सुरुवात अशी करा. जुना कॉम्प्युटर चालेल, भारी ग्राफिक्स कार्ड लागत नाही. विंडोज पुसायची घाई करू नका, डेबियन पेन ड्राइव्हवरून चालवूनही बघता येतं. पहिले दोन आठवडे नुसती पीपीएमची चित्रं हाताने लिहा. पुढचा महिना सी भाषेच्या फेऱ्या आणि तीच चित्रं प्रोग्रॅमकडून काढणं. त्यानंतर फ्रेमबफरवर एक ठिपका, एक रेघ, एक चौकोन, एक अक्षर. घाई नको. इंटरनेट नसलं तरी अडत नाही, लिनक्समध्ये 'मॅन' असं लिहून पुढे आज्ञेचं नाव दिलं की तिची माहिती यंत्रातच मिळते. एकटीने शिकू नका, दोघी-तिघी मिळून शिका. एकीची नजर चुकते तिथे दुसरीची पडते. आणि चौकटींची एक वही आणि शिसपेन्सिल कायम जवळ ठेवा. अडलं की आधी वहीत काढा, ठिपके मोजा, मग यंत्राला हात लावा.

केंद्र मंगळवारी आणि शनिवारी दुपारी तीन ते सहा उघडं असतं. वयाची अट नाही, शिक्षणाची अट नाही. येताना वही घेऊन या. नमस्कार!